नोटीस वाचणारा माणूस

मुळशी पेट्यातल्या शेतकऱ्यांना आपली जमीन जाणार हे कागदावरून कळलं नाही, ते शेतात पडलेल्या चरांवरून कळलं. टाटांच्या वीज कंपनीने मुळा आणि निळा या नद्यांच्या संगमाजवळ धरण बांधायचं ठरवलं होतं. मुंबईच्या गिरण्यांना वीज हवी होती, सह्याद्रीच्या घाटमाथ्यावर पाऊस भरपूर होता आणि १८९४ चा भूसंपादन कायदा सरकारच्या हाताशी होता. रीतसर नोटिसा निघण्याआधीच चाचणीचं खोदकाम सुरू झालं. आपल्या वावरात खणायला हरकत घेणाऱ्या एका शेतकऱ्यावर गोऱ्या इंजिनिअरने पिस्तूल रोखलं, अशी नोंद या लढ्याच्या इतिहासात आहे.

पुढचं महाराष्ट्राला ठाऊक आहे. १६ एप्रिल १९२१, रामनवमीचा दिवस. बाराशे मावळे धरणाच्या जागेवर जाऊन बसले आणि काम बंद पडलं. ‘जान किंवा जमीन’ ही घोषणा खोऱ्यात घुमली. पांडुरंग महादेव बापट यांना लोकांनी ‘सेनापती’ म्हटलं ते याच लढ्यात. लढ्याचे दुसरे पुढारी विनायकराव भुस्कुटे गावोगाव फिरत राहिले. काही महिने काम थांबलं, मग सरकारने मोबदला देऊन जमीन संपादन करायचं ठरवलं आणि सत्याग्रह पुन्हा पेटला. बायकाही तुरुंगात गेल्या. १९२४ च्या अखेरीस बापटांनी धरणाकडे जाणाऱ्या रेल्वेवर हल्ला केला, त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली आणि लढा संपला. १९२७ मध्ये धरण पुरं झालं. पन्नासच्या आसपास गावांची जमीन पाण्याखाली गेली. ते पाणी बोगद्यातून घाट उतरून रायगडमधल्या भिऱ्याच्या वीजघरात जातं. आजही जातं.

या लढ्यावर लिहिणाऱ्यांचं लक्ष बहुधा सेनापतींवर खिळतं, आणि त्यात गैर काही नाही. पण या प्रस्तावनेचा विषय त्याच गोष्टीतल्या एका रिकाम्या जागेशी बांधलेला आहे. मुळशीच्या बाजूने बोलणारे, लिहिणारे, सरकारला अर्ज करणारे पुढारी बहुतेक पुण्याचे होते. ‘केसरी’चे नरसिंह चिंतामण केळकर स्वतः कायद्याचे पदवीधर होते. दुसरीकडे, खोऱ्यातल्या जमिनीचा मोठा भाग कागदोपत्री पुण्यातल्याच सावकारांच्या नावावर होता किंवा त्यांच्याकडे गहाण पडलेला होता. राजेंद्र व्होरा यांनी या सत्याग्रहाचा सविस्तर अभ्यास केला आणि हा तिढा उलगडून दाखवला. संपादन ठरलं तेव्हा कागदावरच्या मालकाला मोबदल्याची वाट दिसली आणि नांगर धरणाऱ्या कुळाला काहीच दिसलं नाही. मालकांपैकी बरेच जण मोबदल्याकडे वळले, कुळं मात्र जमिनीसाठी तुरुंगात गेली. ज्याच्या हातात कागद आणि ज्याच्या हातात नांगर, त्यांचं हित एका घोषणेने एक झालं नव्हतं.

त्या खोऱ्यात, त्या वेळी, कायद्याचा कागद उघडून आपल्याच वाडीत बसून वाचून दाखवेल असा खोऱ्यातलाच माणूस नव्हता.

असा माणूस असता तर धरण थांबलं असतं का? बहुधा नाही. १८९४ चा कायदा कंपनीसाठी जमीन घ्यायला सरकारला मोकळीक देत होता आणि मालकाच्या हरकतीला त्यात फारसं स्थान नव्हतं. खासगी कंपनीसाठी जमीन घ्यायची तर ८० टक्के बाधितांची संमती हवी, ही अट येण्यासाठी २०१३ चा कायदा यावा लागला. मुळशीनंतर जवळजवळ नव्वद वर्षं. तरीही नोटीस वाचणारा माणूस घरचा असला की काही गोष्टी बदलतात. मुदत चुकत नाही. अंगठा कशावर उठवतो आहोत ते अंगठा उठवण्याआधी कळतं. कुळाचा हक्क मालकाच्या हक्कापासून वेगळा मांडता येतो. पुढे बोलणी होतात तेव्हा टेबलाच्या आपल्या बाजूला आपलं कोणीतरी असतं. आदिवासी समाजातून आलेल्या वकिलाची, त्याच्या राजकारणाची आणि लोकांसाठी केलेल्या भांडणांची कहाणी सांगायची तर ती मुळशीपासून सुरू करणं म्हणूनच योग्य वाटतं.

महाराष्ट्रात २०११ च्या जनगणनेनुसार एक कोटी पाच लाख आदिवासी आहेत, लोकसंख्येच्या ९.३५ टक्के. अनुसूचित जमातींच्या यादीत ४५ नोंदी आहेत. विधानसभेच्या २५ आणि लोकसभेच्या ४ जागा त्यांच्यासाठी राखीव आहेत. लोकसभेच्या चार म्हणजे नंदुरबार, दिंडोरी, पालघर आणि गडचिरोली-चिमूर. नकाशावर बोट फिरवलं तर या चारही जागा राज्याच्या कडेला आहेत. ‘मूळ निवासी’ या शब्दावर राजकारणात बराच वाद होतो, पण सर्वोच्च न्यायालयाने ५ जानेवारी २०११ रोजी कैलास विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात आदिवासी हे या देशाचे बहुधा मूळ रहिवासी आहेत, असं स्पष्ट लिहिलं. खटला होता नगर जिल्ह्यातला. एका भिल्ल स्त्रीला मारहाण करून, तिचे कपडे फाडून गावातून फिरवलं गेलं होतं. निकालात न्यायालयाने एकलव्याच्या अंगठ्याची आठवण काढली आणि द्रोणाचार्यांचं ते वागणं लाजिरवाणं ठरवलं. देशातल्या सर्वोच्च न्यायालयाला हे म्हणावंसं वाटलं याला निमित्त आपल्याच राज्यातलं एक गाव होतं, हे विसरता येत नाही.

आदिवासी आणि वकील यांच्या नात्याचा इतिहास मात्र सुखाचा नाही. तो समजायला एक कायदा पुरेसा आहे. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात आदिवासींकडून बिगर-आदिवासींकडे गेलेल्या जमिनी परत करण्यासाठी महाराष्ट्राने एक कायदा केला. चांगला कायदा. त्याच सुमारास जमीन महसूल संहितेत कलम ३६-अ आलं आणि परवानगीशिवाय आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला घेता येईनाशी झाली. पण जमीन परत करण्याच्या त्या कायद्यातच एक तरतूद अशी होती की या सुनावण्यांत वकिलाला हक्काने उभं राहता येणार नाही. जमिनी घेतलेल्यांनी याला आव्हान दिलं. लिंगप्पा पोचन्ना अप्पेलवार विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८४ च्या अखेरीस कायदा उचलून धरला, वकिलांना दूर ठेवणाऱ्या तरतुदीसह. कारण उघड होतं. जमीन घेणाऱ्याला वकील परवडत होता, गमावणाऱ्याला परवडत नव्हता. विधिमंडळाने गृहीत धरलं होतं की वकील आला म्हणजे तो समोरच्याच बाजूने येणार.

ते गृहीतक त्या काळापुरतं खरंच होतं. म्हणूनच ते मनाला लागतं.

अपवाद होते, आणि ते मोठे होते. गोदावरी परुळेकर महाराष्ट्रातल्या पहिल्या महिला कायदा पदवीधर. त्या कोर्टात रमल्या नाहीत, किसान सभेच्या लाल बावट्याखाली ठाण्याच्या जंगलपट्टीत गेल्या. १९४५ च्या मे महिन्यात उंबरगाव तालुक्यातल्या झरी गावी वारली जमले आणि जमीनदाराकडे फुकट राबायचं नाही, असं त्यांनी ठरवलं. वेठ आणि लग्नगडी (लग्नाच्या कर्जापोटी राबणं) यांचा फास सैल झाला तो तिथून. त्याच वर्षी ११ ऑक्टोबरला तलवाड्याला जमलेल्या वारल्यांवर गोळीबार झाला, त्यात जेठ्या गांगड आणि इतर चौघांचा जीव गेला. गोदूताईंनी हे सगळं ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात लिहून ठेवलं. त्यांच्याबद्दल मनात आदर ठेवूनच एक गोष्ट नोंदवावी लागते. बोलणारी बाई कायदा शिकलेली होती, पण ती वारली नव्हती. वारल्यांच्या घरातून वकील निघायला अजून एक पिढी जावी लागली.

आणि तो निघाला तेव्हा लाल बावट्याखाली निघाला नाही. चिंतामण वनगा तलासरी तालुक्यातल्या कवाड्याचे, वारली. कायदा शिकून ते वकील झाले आणि भारतीय जनता पक्षाकडून १९९६, १९९९ आणि २०१४ अशा तीन निवडणुका जिंकून लोकसभेत गेले. मधल्या काळात विक्रमगडचे आमदारही होते. ३० जानेवारी २०१८ रोजी दिल्लीत, खासदार असतानाच त्यांचं निधन झालं. ज्या पट्ट्यात किसान सभेने माणूस जागा केला, त्याच पट्ट्यातल्या माणसाने विरुद्ध विचारांच्या पक्षातून संसद गाठली, यात कोणाला विसंगती दिसेल. पण जागा झालेला माणूस कुठल्या दाराने बाहेर पडेल हे जागं करणाऱ्याने ठरवायचं नसतं. आदिवासी वकील म्हणजे अमुकच पक्षाचा, अमुकच विचारांचा, ही अपेक्षाही एक प्रकारचं पालकत्वच आहे.

उत्तरेला, सातपुड्याच्या घडीत, अॅडव्होकेट के. सी. पाडवी यांची वाटचाल वेगळी आहे आणि मुळशीच्या वाचकाने ती जरा थांबून पाहावी अशी आहे. अक्राणी आणि अक्कलकुवा हे त्यांचे तालुके. सरदार सरोवराच्या पाण्याने महाराष्ट्रातली जी ३३ गावं गिळली ती याच दोन तालुक्यांतली, आणि सगळी आदिवासी. मणिबेली हे त्यातलं पहिलं गाव. मुळशीला वीज मुंबईसाठी हवी होती, इथे पाणी मुख्यतः गुजरातसाठी हवं होतं. सत्तर वर्षांच्या अंतराने, दोन वेगळ्या राज्यव्यवस्थांत, बुडणाऱ्याला विचारण्याची पद्धत फारशी बदललेली नव्हती. फरक एवढा पडला होता की बुडणाऱ्या मुलखाचा आमदार आता त्याच मुलखातला, तिथली बोली बोलणारा आणि वकिलीची पदवी असलेला होता. १९९० च्या दशकापासून २०२४ पर्यंत पाडवी बहुतेक काळ आमदार राहिले. नर्मदेच्या काठचं रस्त्यावरचं आंदोलन मेधा पाटकरांच्या नावाने जगाला कळलं, विधानसभेतला आवाज मात्र निवडून आलेल्याने द्यायचा होता. तो पुरेसा होता का, यावर तिथल्या लोकांतच मतभेद आहेत. एका राखीव जागेवरचा आमदार एका पक्षाचाही असतो आणि पक्ष जेव्हा धरणाच्या बाजूचा असतो तेव्हा त्या आमदाराची घुसमट होते. ही घुसमट या विषयाच्या पोटातच आहे, ती झाकून कुठल्याही आदिवासी नेत्याचं चरित्र लिहिता येणार नाही.

पाडवींच्या कारकिर्दीतला एक प्रसंग सांगण्याजोगा आहे. ३० डिसेंबर २०१९ रोजी ते मंत्रिपदाची शपथ घेत होते. ठरलेल्या मजकुरात त्यांनी स्वतःचे काही शब्द घातले. राज्यपाल भगतसिंह कोश्यारी यांनी त्यांना थांबवलं आणि शपथ पुन्हा घ्यायला लावली. नियमाप्रमाणे राज्यपाल बरोबर होते. पण ते दृश्य पाहणाऱ्याला हेही जाणवावं की सातपुड्यातून एवढ्या दूर, एवढ्या वर्षांनी आलेल्या माणसाला ठरवून दिलेल्या मजकुरात आपलं स्वतःचं काही म्हणावंसं वाटलं होतं. आदिवासी विकास मंत्री म्हणून त्यांच्या काळात कोविडमध्ये खावटी योजना पुन्हा सुरू झाली, कुटुंबामागे चार हजार रुपये, अर्धे रोख आणि अर्धे धान्य-किराण्याच्या रूपात. २०२४ ला त्यांचे चिरंजीव गोवाल पाडवी, तेही वकीलच, नंदुरबारचे खासदार झाले. त्याच वर्षी के. सी. पाडवी स्वतः विधानसभा हरले. घराण्यांचं राजकारण आदिवासी पट्ट्यातही पक्कं रुजलेलं आहे. पहिल्या पिढीतला वकील झोपडीतून येतो, दुसऱ्या पिढीतला घरच्या बैठकीतून. दोघांच्या मागचं बळ सारखं नसतं आणि दोघांकडून करायच्या अपेक्षाही सारख्या असू नयेत.

या सगळ्यांत लालसू नोगोटी यांची गोष्ट सर्वात जवळून ऐकावी अशी आहे. भामरागड, गडचिरोलीचं टोक. माडिया समाज. १९७३ मध्ये बाबा आमट्यांनी हेमलकशाला लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला, पुढे तिथे शाळा निघाली, आणि त्या शाळेत शिकलेल्या मुलांपैकी लालसू माडियांमधले पहिले वकील म्हणून ओळखले जाऊ लागले. शहरात राहून वकिली करणं सोपं होतं. ते परत गेले. २०१७ च्या जिल्हा परिषद निवडणुकीत भामरागड भागातल्या ग्रामसभांनी ठरवलं की पक्षाचा नव्हे, आपला उमेदवार उभा करायचा, आणि लालसू निवडून आले. वाचायला हे साधं वाटतं. पण एकीकडे पोलीस ठाणी, दुसरीकडे बंदूकवाले दादालोग म्हणजे नक्षलवादी आणि मधोमध सुरजागडचं लोखंड असलेल्या मुलखात, राजकीय पक्षाशिवाय, नुसत्या ग्रामसभांच्या जोरावर माणूस निवडून आणणं ही मोठी गोष्ट होती.

सुरजागडचा डोंगर एटापल्ली तालुक्यात आहे. तिथे ठाकूरदेवाचं ठाणं आहे, जानेवारीत जत्रा भरते, आणि २००७ पासून तिथल्या ३४८ हेक्टरवर खाणीचा पट्टा आहे. ग्रामसभांचं म्हणणं साधं होतं. अनुसूचित क्षेत्रांसाठीचा पेसा कायदा १९९६ चा, वनहक्क कायदा २००६ चा, दोन्ही संसदेने केलेले, दोन्हींत ग्रामसभेला मान. मग आम्हाला विचारलं का नाही? नोगोटींसारख्या वकिलाचं काम इथे घोषणा देण्यापेक्षा अवघड असतं. माडियात झालेली चर्चा मराठी ठरावात उतरवायची, ठराव कलमाला जोडायचा, कलम निवेदनात घालायचं आणि निवेदनाची पोच घेऊन ठेवायची. बंदुकीच्या दोन्ही टोकांना संशय येईल असं हे काम आहे. याच जिल्ह्यात धानोरा तालुक्यातल्या मेंढा-लेखाने २००९ मध्ये १८०९ हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळवला आणि २०११ मध्ये स्वतःच्या बांबूचा वाहतूक परवाना स्वतःच्या हाताने फाडला. तिथले पुढारी देवाजी तोफा वकील नव्हते. पण त्या गावाने वर्षानुवर्षं अभ्यासगट चालवला, कायदा वाचला. कायदा वाचण्याची सवय एका माणसाची नसून गावाची झाली तर काय होतं, याचा तो पुरावा.

जगात इतरत्रही हीच वाट चालणारे आहेत. ब्राझीलच्या रोराइमा प्रांतातल्या जोएनिया वापिशाना तिथल्या पहिल्या मूळनिवासी महिला वकील. २००८ मध्ये, चेहऱ्यावर आपल्या जमातीचे रंग लावून, त्या ब्राझीलच्या सर्वोच्च न्यायालयात उभ्या राहिल्या. प्रश्न होता रापोसा सेर्रा दो सोल या सुमारे १७ लाख हेक्टर मुलखाचा, आणि तो मुलूख मूळनिवासींकडेच राहिला. २०१८ मध्ये त्या संसदेवर निवडून गेल्या, २०२३ मध्ये मूळनिवासींसाठीच्या सरकारी संस्थेच्या प्रमुख झाल्या. आधी न्यायालय, मग संसद, मग शासन. आपल्याकडे हा क्रम बहुधा उलटा पडतो. पदवी मिळते, राखीव जागा समोर असते, पक्ष उमेदवाराच्या शोधात असतो आणि वकिलीचा काळा कोट दोन-चार वर्षांत खुंटीला लागतो. निवडून जाणं वाईट नाही. पण तालुका कोर्टात आदिवासीच्या बाजूने उभा राहणारा आदिवासी वकील आपल्याकडे आमदारापेक्षा दुर्मीळ आहे, आणि आज त्याचीच गरज जास्त आहे.

का, ते पाहायला मुळशीलाच परत यावं लागेल.

आजच्या मुळशी तालुक्यात हिंजवडीचे काचेचे मनोरे आहेत, ताम्हिणी घाटातली पर्यटकांची गर्दी आहे, मोसे खोऱ्यातलं लवासा आहे. या सगळ्याच्या आडोशाला कातकरी वाड्या आहेत. खैराच्या झाडापासून कात काढणारे म्हणून कातकरी. ब्रिटिशांच्या वनकायद्यांनी जंगल सरकारजमा केलं आणि तो धंदा गेला. मग कोळसा पाडणं आलं, मग वीटभट्टी. पावसाळ्यात मालकाकडून उचल घ्यायची आणि पावसाळा सरला की बायकामुलांसह भट्टीवर राहायला जायचं. हिशेब मालकाच्या वहीत. १९७६ पासून वेठबिगारी हा गुन्हा आहे, पण फिटत नसलेली उचल ही वेठबिगारीच आहे हे सांगायला कोणीतरी कायदा जाणणारा तिथे हजर असावा लागतो. १९३० मध्ये चिरनेरच्या जंगल सत्याग्रहात गोळी लागून गेलेला नाग्या महादू कातकरी याच समाजाचा. महाराष्ट्रातल्या ज्या तीन जमाती सरकारने विशेष दुर्बळ मानल्या आहेत त्या म्हणजे कोलाम, माडिया गोंड आणि कातकरी. म्हणजे लालसू नोगोटींचा समाज आणि मुळशीच्या वाड्यांतला समाज सरकारदफ्तरी एका ओळीत आहेत.

पण त्यांच्या हातातली हत्यारं एक नाहीत. पुणे जिल्ह्यातलं अनुसूचित क्षेत्र आंबेगाव आणि जुन्नर तालुक्यांत आहे, मुळशीत नाही. म्हणून पेसा इथे लागू नाही. जिल्ह्यात अनुसूचित जमातींसाठी राखीव विधानसभा जागाही नाही. मुळशी येते भोर मतदारसंघात, आणि तिथे कातकऱ्यांची मतं मोजकी. भामरागडच्या ग्रामसभांनी जे केलं ते मुळशीच्या वाडीला मतांच्या हिशेबाने करता येणार नाही. तिला आमदार मिळणार नाही. तिला मिळू शकतो तो वकील. वनहक्क कायदा सगळीकडे लागू आहे, ताम्हिणीच्या कुशीतल्या वाडीलाही. कलम ३६-अ सगळीकडे लागू आहे. लागू असणं आणि वापरलं जाणं यांच्या मधलं अंतर मात्र कोणीतरी चालून जावं लागतं.

आणि ते अंतर कसं असतं? वाडी पिढ्यान्‌पिढ्या एका जागी आहे, पण सातबारा दुसऱ्याचा. नोव्हेंबर २०२३ मध्ये सुरू झालेल्या पीएम-जनमन योजनेत अशा जमातींना पक्की घरं द्यायचं ठरलं. घर मंजूर होतं आणि गाडी अडते घराखालच्या जमिनीवर. मुलीला शिष्यवृत्ती हवी तर जातीचा दाखला हवा, आणि दाखल्यासाठी १९५० पूर्वीच्या वास्तव्याचा पुरावा हवा. ज्यांचे आजे-पणजे भट्ट्यांवर फिरत होते त्यांच्याकडे १९५० चा कागद कुठून असणार? शाळेच्या जुन्या रजिस्टरात, जन्म-मृत्यूच्या नोंदीत, वनखात्याच्या एखाद्या दंडाच्या पावतीत तो शोधावा लागतो. गृहचौकशीचा अर्ज करावा लागतो. न्यायालयात उभं राहायचं तर तालुका-जिल्हा पातळीवर १९९८ पासून मराठी चालते, हे बरं आहे, पण कातकरी बोली मराठीहून वेगळी आहे आणि घाबरलेला माणूस आपल्याच बोलीत बोलतो. उच्च न्यायालयात तर इंग्रजीच. या प्रत्येक पायरीवर दुभाष्या लागतो, आणि दुभाष्या आपला असला तर निम्मं भय तिथेच जातं.

धरणाच्या काठची कितीतरी गावं अजून गावठाणाच्या हक्कासाठी झगडत आहेत. १९२१ ला ज्यांच्या नावाने कागद नव्हता, त्यांच्या पणतवंडांच्याही हातात पुरता कागद आलेला नाही. मुळशीत आदिवासी आणि बिगर-आदिवासी कष्टकरी यांना जोडणारं काही असेल तर ते हे आहे. सत्याग्रहातले मावळे सगळे आदिवासी नव्हते, पण नोटीस वाचता न येण्याची किंमत दोघांनी सारखीच मोजली.

आदिवासी वकील झाला की तो आपोआप समाजाचा कैवारी होतो, असं या लेखकाचं म्हणणं नाही. पदवी मिळाल्यावर मागे न पाहणारेही असतात, आणि तो त्यांचा हक्क आहे. वनगा, पाडवी, नोगोटी यांना एका मापाने मोजता येत नाही. एकाने पक्षाची शिस्त पाळली, एकाने तीन दशकं मतदारसंघ राखला, एकाने ग्रामसभेची उमेदवारी पत्करली. कोणाचं किती चुकलं हे ज्याचं त्याने ठरवावं. ठरवताना एक मात्र ध्यानात घ्यावं की या तिघांच्या आधी त्यांच्या घरात कोर्टाची पायरी चढायची ती बहुधा आरोपी म्हणून किंवा साक्षीदार म्हणून.

मुळशीचा सत्याग्रह संपला ते साल १९२४. त्याच साली पुण्यात इंडियन लॉ सोसायटीचं विधी महाविद्यालय सुरू झालं. त्याच्यावरून नाव पडलेल्या लॉ कॉलेज रस्त्यापासून सेनापती बापट रस्ता पायी जाण्याच्या अंतरावर आहे, आणि कोथरूडवरून जाणारा पौड रस्ता थेट मुळशीत उतरतो. पुण्यात आज विधी महाविद्यालयं पुष्कळ आहेत. बारावीनंतर पाच वर्षांचा कायद्याचा अभ्यासक्रम आहे, त्याची सामायिक प्रवेश परीक्षा आहे, अनुसूचित जमातींसाठी राखीव जागा आणि शिष्यवृत्तीही आहे. वाचकांपैकी कोणी त्या महाविद्यालयांत शिकवत असेल, कोणी पौड-कोळवणच्या शाळेत मास्तर असेल, कोणी वीटभट्टीवरच्या मुलांसाठी वर्ग चालवत असेल. बारावीपर्यंत पोचलेली एखादी कातकरी मुलगी ठाऊक असेल तर यंदा तिचा अर्ज भरून घ्या, आणि त्याआधी तिच्या जातीच्या दाखल्यासाठी १९५० चा कागद शोधायला तिच्याबरोबर पौडच्या तहसील कचेरीत जा.